पानावर बंड, पडद्यावर धुमाकूळ!

माहीत आहे का? तमिळ वाचकांना वेड लावणाऱ्या एक सोडून तीन ऐतिहासिक कादंबऱ्या ज्या साप्ताहिकात छापून आल्या, त्याच्या भांडवलाची सोय केली होती चक्क नारदमुनींनी!

थट्टा नाही हो. साल १९४१. 'सावित्री' नावाचा तमिळ सिनेमा. त्यात नारदाच्या वेषात उभ्या होत्या एम. एस. सुब्बुलक्ष्मी. होय, त्याच, भारतरत्न एम. एस.! बाईंनी पुरुषाची भूमिका घेतली ती हौस म्हणून नव्हे. पती टी. सदाशिवम आणि त्यांचे लेखकमित्र रा. कृष्णमूर्ती ऊर्फ 'कल्की' यांना मद्रासमध्ये नवं साप्ताहिक काढायचं होतं आणि खिसा होता रिकामा. नारदाचं मानधन आलं आणि 'कल्की' साप्ताहिकाची गाडी रुळावर लागली. नारायण, नारायण!

आणि त्या सिनेमातली सावित्री कोण? ओळखा. 'कुंकू'वाली आपली शांता आपटे! या भूमिकेसाठी ती तमिळ शिकली. म्हणजे तमिळ ऐतिहासिक कादंबरीच्या पायात एक वीट मराठी आहे. कॉलर ताठ करा, पुढे चला.

कारण आज चेन्नई म्हणजे इडली, मरीना आणि रजनी नव्हे. आज चेन्नई म्हणजे युद्ध, बंड, कादंबऱ्या आणि त्यांचे सिनेमे. यातला मसाला सांबाराहून तिखट आहे.

कल्कींनी स्वतःचं साप्ताहिक काढलंच कशाला? आधी ते 'आनंद विकटन'चे स्टार संपादक होते. चांगली नोकरी, दांडगा खप. पण पठ्ठ्याला सत्याग्रह करायचा होता. नोकरी सोडली, सत्याग्रह केला आणि तुरुंगात गेले. तीही पहिली वेळ नव्हती, तिसरी होती! जेलवारीची हॅट-ट्रिक मारलेला माणूस बाहेर येऊन राजे-रजवाड्यांच्या प्रेमकथा लिहायला बसला, तर त्या निव्वळ प्रेमकथा असतील का?

नव्हत्याच. १९४१-४२ मध्ये आलेली 'पार्तिबन कनवु' घ्या. एका छोट्या चोळ राजाला बलाढ्य पल्लवांची ताबेदारी सलते, तो लढून मरतो आणि स्वातंत्र्याचं स्वप्न मुलाच्या हवाली करतो. सातव्या शतकातली गोष्ट म्हणे! बाहेर 'चले जाव'चं वारं वाहत होतं आणि हा लेखक मुकुट-कुंडलं घालून तेच बोलत होता. सेन्सॉर बिचारा पकडणार तरी कुणाला, पल्लवांना? १९६० मध्ये तिचा सिनेमा आला. जेमिनी गणेशन आणि वैजयंतीमाला. तोवर गोरा साहेब घरी पोहोचला होता.

पण मुकुट-कुंडलं न घालता थेट खादीत बोलणारा सिनेमाही कल्कींच्या नावावर आहे. आणि त्याची कथा या अख्ख्या लेखातली माझी सगळ्यात आवडती. जरा टेकून बसा.

सिनेमाचं नाव 'त्यागभूमी'. दिग्दर्शक के. सुब्रह्मण्यम. वर्ष १९३९. माहीत आहे का, ही कादंबरी आधी आली की सिनेमा? उत्तर आहे, दोन्ही एकदमच! इकडे स्टुडिओत शूटिंग चालू, तिकडे 'आनंद विकटन'मध्ये दर आठवड्याला प्रकरण चालू. आणि प्रकरणासोबत चित्रकाराने काढलेलं चित्र नाही, तर त्याच सिनेमातला फोटो! वाचक गोष्ट वाचतोय आणि नायिका कशी दिसते, कुठली साडी नेसते, कशी रडते, हे सगळं सिनेमा लागायच्या आधीच बघतोय. आजच्या मार्केटिंगवाल्यांनी याला भारदस्त इंग्रजी नाव दिलं असतं आणि वर फी घेतली असती. कल्कींनी ते १९३९ मध्येच उरकलं.

गोष्टही साधी नव्हती. गावचे पुजारी संबू शास्त्री, त्यांची नवऱ्याने टाकलेली मुलगी सावित्री. (होय, इथेही सावित्रीच.) मुलीला जन्म देऊन ती गायब होते आणि परत येते ती श्रीमंत, स्वतंत्र बाई होऊन. मग नवरा कोर्टात जातो, बायको परत पाहिजे म्हणून! आणि बाई भर कोर्टात सांगते की मी येणार नाही, हवं तर पोटगी मीच देते. १९३९ साली! शेवटी दोघंही स्वातंत्र्यलढ्यात उतरतात. मध्येच पडद्यावर खरे गांधीजी चरखा चालवताना दिसतात, कारण दिग्दर्शकाने न्यूजरीलचा तुकडा बिनधास्त जोडला होता. गाणी डी. के. पट्टम्माळ यांच्या आवाजात, म्हणजे कर्नाटक संगीतातल्या दिग्गज गायिकेच्या. संबू शास्त्री झाले होते पापनाशम शिवन, म्हणजे कर्नाटक संगीतातले बडे रचनाकार. स्टारकास्ट नव्हे, संगीत सभाच!

सिनेमा बावीस आठवडे चालला. मग सरकारला जाग आली आणि बंदी आली. सुब्रह्मण्यम आणि वितरक एस. एस. वासन यांनी काय करावं? रडत बसावं? छे! त्यांनी मद्रासच्या गेटी थिएटरात खेळ फुकट लावला. या, बघा, पैसे नकोत! सलग शो. गर्दी इतकी उसळली की पोलिसांनी थिएटरात घुसून लाठ्या चालवल्या, असं त्या काळच्या आठवणी सांगतात. आपल्याकडे फर्स्ट डे फर्स्ट शोला शिट्ट्या मारतात, तिथे लाठ्या खाल्ल्या.

एक गोड किस्सा राहिलाच. सिनेमातल्या छोट्या मुलीचं काम केलं होतं बेबी सरोजाने. तिची क्रेझ एवढी की मद्रास इलाख्यात पाळण्यातल्या मुलींची नावं धडाधड 'सरोजा' ठेवली जाऊ लागली.

आणि आता सांगा, या सिनेमाची जपून ठेवलेली प्रिंट कुठे असेल? चेन्नईत? कोईमतूरला? अहो, पुण्यात! राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात, लॉ कॉलेज रोडवर. मद्रासमध्ये बंदी घातलेलं बंड प्रभात रोडच्या शेजारी सुखाने नांदतंय.

हा सिनेमा बनवणाऱ्या मंडळींच्या स्टुडिओला पुढे आग लागली. लिलावात तो घेतला वासन यांनी. किंमत? ८६,४२७ रुपये, ११ आणे, ९ पै! एवढा चोख आकडा कुठून आला, देव जाणे. त्या स्टुडिओचं नाव ठेवलं जेमिनी. वासन यांच्या रेसच्या घोड्यावरून ठेवलं म्हणतात. घोडा तेव्हाही पहिला आला असावा.

बरं, युद्धाच्या गोष्टी करतोय तर मद्रासने खरं युद्ध पाहिलं होतं का? माहीत नसेल तर ऐका. पहिल्या महायुद्धात २२ सप्टेंबर १९१४ च्या रात्री 'एमडेन' ही जर्मन युद्धनौका गुपचूप मद्राससमोर आली आणि तिने शंभराहून जास्त तोफगोळे डागले. बर्मा ऑइल कंपनीच्या टाक्या पेटल्या. काम उरकून स्वारी अंधारात पसार. हायकोर्टाच्या आवारात त्याची आठवण सांगणारी पाटी आजही आहे. मुंबईकरांनो, तुमच्या किनाऱ्यावर असला पाहुणा आला नव्हता!

दुसऱ्या महायुद्धात तर शहराची पुरती घाबरगुंडी उडाली. एप्रिल १९४२. जपानी आरमार बंगालच्या उपसागरात. ज्यांचं शहरात काम नाही त्यांनी बाहेर जा, असा सरकारी हुकूम निघाला आणि रेल्वे, बैलगाड्या, जे मिळेल त्यात बसून लोक गावाकडे पळाले. पीपल्स पार्कमधल्या प्राणिसंग्रहालयाचं काय केलं, ठाऊक आहे? बॉम्ब पडून पिंजरे फुटले तर वाघ-सिंह रस्त्यावर येतील, या भीतीने पोलिसांनी त्यांना गोळ्या घातल्या. जपानी आलेच नाहीत. ऑक्टोबर १९४३ मध्ये एक विमान आलं, थोडे बॉम्ब टाकून गेलं. तोवर वाघ नव्हते.

याच्या लगोलग, १९४४ पासून, कल्की 'शिवगामियिन शपदम' लिहू लागले. त्यात काय आहे? परचक्र येतंय म्हणून वेढ्याच्या तयारीला लागलेली कांची नगरी! चालुक्यांचा पुलकेशी चाल करून येतो, शहराचे दरवाजे बंद होतात. नुकतेच गावाहून परतलेले मद्रासचे वाचक ते वाचताना इतिहास वाचत नव्हते, दोन वर्षांपूर्वीची हकिकत वाचत होते, असं मला तरी वाटतं. नर्तकी शिवगामी शत्रूच्या राजधानीत कैद होते आणि शपथ घेते की वातापी जळाल्याशिवाय मी इथून हलणार नाही. आणि तिचे मूर्तिकार वडील? त्यांना ध्यास एकच, अजिंठ्याचे रंग शतकानुशतकं टिकतात कसे! लढाई राहिली बाजूला, म्हातारबुवा आपल्या अजिंठ्यात अडकलेले. कलावंत माणसं सगळीकडे सारखीच.

मध्यंतरापूर्वी शेवटचा सीन. सिनेमावाल्यांना युद्धाने काय दिलं? रेशनिंग! कच्ची फिल्म मिळेना, म्हणून सरकारचा हुकूम: सिनेमा ११,००० फुटांच्या आत संपवा. म्हणजे साधारण दोन तास. वीस-वीस गाण्यांचे तमिळ सिनेमे एकदम डाएटवर गेले.

शिवाय सरकारचं म्हणणं, युद्धाला मदत होईल असे सिनेमे काढा. तेव्हा सेलमच्या मॉडर्न थिएटर्सचे टी. आर. सुंदरम यांनी 'बर्मा राणी' काढला, १९४५ साली. जपानने व्यापलेल्या बर्मात अडकलेले भारतीय वैमानिक आणि जपान्यांविरुद्धचं गुप्त काम. अस्सल हॉलिवूड टाइप वॉर थ्रिलर! जपानी अधिकाऱ्याची भूमिका करायला कोण? दिग्दर्शक सुंदरम स्वतःच. शत्रूचं काम दुसऱ्याला देण्याइतका विश्वास नसावा. गंमत म्हणजे 'त्यागभूमी'वाले बंडखोर सुब्रह्मण्यम यांनीही 'मानसंरक्षणम' नावाचा युद्धपट काढून दिला. फिल्म हवी तर हे करा, असा मामला.

आता खरी गंमत बघा. पडद्यावर 'बर्मा राणी' जपान्यांशी लढत असताना, खऱ्या बर्मात एक मद्रासी डॉक्टरीणबाई जपान्यांच्या बाजूने ब्रिटिशांशी लढत होत्या! चेटपेटच्या हॅरिंग्टन रोडवर वाढलेल्या, मद्रास मेडिकल कॉलेजातून १९३८ मध्ये डॉक्टर झालेल्या लक्ष्मी स्वामिनाथन. म्हणजेच आझाद हिंद सेनेच्या कॅप्टन लक्ष्मी. जुलै १९४३, सिंगापूर. नेताजींना बायकांची पलटण हवी होती. लक्ष्मीबाईंनी झटपट वीस जणी गोळा केल्या, जड रायफली हातात घेतल्या आणि नेताजींना मानवंदना दिली. पलटणीचं नाव झाशीची राणी रेजिमेंट. त्यातल्या कित्येक मुली मलायाच्या रबराच्या मळ्यांवरच्या तमिळ मुली. ज्या भारतासाठी लढायला निघाल्या, तो भारत त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलाच नव्हता. आणि नाव कुणाचं? मोरोपंत तांब्यांच्या मनूचं! ही कथा कुणी लिहिली असती तर संपादक म्हणाला असता, जरा अतिच होतंय.

मध्यंतर! मुरुक्कू घ्या, फिल्टर कॉफी घ्या. तोवर एक झटपट क्विझ. १९४८ च्या 'चंद्रलेखा'मध्ये अवाढव्य नगाऱ्यांवर शेकडो नर्तकी नाचतात, मग त्याच नगाऱ्यांतून सैनिक बाहेर पडून किल्ला घेतात. बंडाची ही अफलातून कल्पना काढणाऱ्या वासन यांना कथेची ठिणगी कुठून मिळाली? पुराणातून? चूक! जी. डब्ल्यू. एम. रेनॉल्ड्स या इंग्रज लेखकाच्या कादंबरीतल्या एका प्रसंगातून. तोच रेनॉल्ड्स, ज्याच्या कादंबऱ्या आपल्या आजोबा-पणजोबांनीही चोरून वाचल्या. खर्च ३० लाख रुपये, तेही त्या काळचे.

दुसरा प्रश्न. तमिळ पडद्याचे लाडके नायक एमजीआर यांचा 'नाडोडी मन्नन' (१९५८) कुठल्या कादंबरीवर बेतला? 'प्रिझनर ऑफ झेंडा'वर. राजासारखा दिसणारा क्रांतिकारक राजाच्या जागी बसतो. एमजीआर निर्माता, दिग्दर्शक आणि दोन्ही नायक. 'चालला तर मी मन्नन, पडला तर नाडोडी,' असं ते म्हणाले होते म्हणे. मन्नन म्हणजे राजा, नाडोडी म्हणजे भटक्या. चालला. पुढे खरंच राज्य मिळालं.

चला, बसा जागेवर, दुसरा भाग सुरू.

माहीत आहे का? शिवाजी गणेशन यांचं खरं नाव नुसतं गणेशन. 'शिवाजी' आले कुठून? रायगडावरून! सी. एन. अण्णादुरै यांनी 'शिवाजी कंड हिंदू राज्यम' नावाचं नाटक लिहिलं. महाराज झाला कोवळा गणेशन. त्याचं काम बघून द्रविड चळवळीचे नेते पेरियार इतके खूश झाले की आजपासून हाच शिवाजी, असं म्हणून नाव देऊन टाकलं. या नाटकात गागाभट्ट कोण झाले होते? स्वतः अण्णादुरै! आणि महाराजांची भूमिका आधी कुणाकडे चालली होती? एमजीआर यांच्याकडे, असं सांगतात. हिशेब करा: लेखक पुढे मुख्यमंत्री, हुकलेला नायक पुढे मुख्यमंत्री आणि महाराज झालेल्याला मात्र ती खुर्ची कधीच मिळाली नाही.

(त्याच शहरात पुढे बंगळुरूहून एक शिवाजीराव गायकवाड येऊन रजनीकांत झाला. म्हणजे गणेशनचा शिवाजी झाला आणि शिवाजीचा रजनी. चेन्नईत नावं बदलून घेण्याचा काउंटर आहे की काय!)

शिवाजी गणेशन यांचा पहिलाच सिनेमा 'पराशक्ती' (१९५२). तोही युद्धाचाच. रंगूनवर बॉम्ब पडतात, तीन भाऊ बर्मात, बहीण मदुरैत आणि सगळ्या कुटुंबाची पांगापांग. संवाद कुणाचे? मु. करुणानिधींचे. हो, पुढे तेही मुख्यमंत्री. आणि हे मुख्यमंत्री ऐतिहासिक कादंबऱ्याही लिहायचे. 'तेनपांडी सिंगम'मध्ये त्यांनी कंपनी सरकारशी झुंजलेल्या वाळुक्कु वेलीची गोष्ट सांगितली आणि तिची दूरदर्शनवर मालिकाही झाली. आपल्याकडे मुख्यमंत्री प्रस्तावना लिहितात, तिकडे कादंबरी!

एमजीआरही मागे नव्हते. ज्ञानपीठ मिळवणारे पहिले तमिळ लेखक अकिलन. त्यांची 'कयलविळी' ही पांड्यांच्या स्वातंत्र्याची कादंबरी. तिच्यावर एमजीआर यांनी 'मदुरैयै मीट्ट सुंदरपांडियन' काढला, दिग्दर्शनही केलं. सिनेमा लागला १४ जानेवारी १९७८ ला, पोंगलला. पण तोवर साहेब जून १९७७ मध्ये मुख्यमंत्री होऊन बसले होते! म्हणजे पोस्टरवर तलवार घेतलेला नायक आणि फाइलवर सही करणारा मुख्यमंत्री एकच. हा त्यांचा नायक म्हणून शेवटचा सिनेमा. मदुरै मिळवली, मद्रास आधीच मिळालं होतं.

आता 'छावा'वाल्यांनो, लक्ष द्या. शिवाजी सावंतांच्या कादंबरीवरचा तो सिनेमा २०२५ मध्ये बघून तुम्ही डोळे पुसत बाहेर आलात. संगीत चेन्नईच्या ए. आर. रहमान यांचं होतं, हे तर वाचलंच असेल. पण पुढची गोष्ट कुठे घडली, माहीत आहे का? चेन्नईपासून जेमतेम दीडशे किलोमीटरवर! संभाजी महाराजांनंतर राजाराम महाराज निसटले ते थेट जिंजीच्या किल्ल्यात. औरंगजेबाच्या झुल्फिकारखानाने वेढा घातला आणि तो रेंगाळला १६९८ पर्यंत, जवळपास आठ वर्षं. शेवटी किल्ला पडला, पण महाराज आधीच निसटलेले! आठ वर्षं स्वराज्याचं तख्त तमिळ मुलखात. तीन डोंगर, त्यांना बांधणारा तट, खाली भाताची खाचरं. लोकेशन तयार आहे, फक्त कॅमेरा लावायचा बाकी. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांचे १२ किल्ले जागतिक वारशात घेतले, त्यातले ११ महाराष्ट्रातले आणि बारावा हा.

जिंजीवर तमिळमध्ये सिनेमा झाला, पण मराठ्यांचा नव्हे. 'राजा देसिंगू' (१९६०), नायक अर्थातच एमजीआर. अर्काटच्या नवाबाला खंडणी नाकारून १७१४ मध्ये लढता लढता मेलेला तरुण राजा. त्याची राणी सती गेली. तिच्या मानार्थ शत्रूनेच वसवलेलं गाव म्हणजे राणीपेट, अशी आख्यायिका. आज तिथे चामड्याचे कारखाने आहेत.

आणि आता मेन कोर्स: 'पोन्नियिन सेल्वन'!

१९५० ते १९५४, साडेतीन वर्षं, दर आठवड्याला. पाच खंड. सुरुवातच बघा कशी आहे. आडि महिन्याचा अठरावा दिवस, नदी-तळ्यांच्या पूजेचा सण. वीरनारायण तळ्याच्या लांबच लांब बांधावरून दमलेल्या घोड्यावर एक बिनपैशाचा, देखणा, तोंडाळ तरुण चाललाय. आजूबाजूला बायका-मुलं डबे घेऊन सहलीला आलेली. आणि याच्याकडे गुप्त निरोप. बास! वाचक अडकला. पोस्टमन यायच्या आधी लोक दारात उभे राहायचे, असं जुने वाचक सांगतात. चित्रकार मणियम यांची चित्रं इतकी डोक्यात बसली की पुढे सिनेमावाल्यांपुढे प्रश्न पडला, नटी ऐश्वर्या रायसारखी असून चालेल, पण मणियमच्या चित्रातल्या नंदिनीसारखी दिसेल का?

आता सिनेमाची शर्यत. एमजीआर यांनी १९५८ मध्ये हक्क घेतले. किती रुपयांत? दहा हजार! दोन्ही नायक तेच करणार होते (ओळखलंच असेल). पटकथेला माणूस ठेवला, तो पुढे नावाजलेला दिग्दर्शक झाला, महेंद्रन. मग अपघात, मग हक्कांचं नूतनीकरण, मग राजकारण. राहिलं. १९८० च्या दशकात कमल हासन आणि मणिरत्नम यांनी घाट घातला. राहिलं. २०१०-११ मध्ये मणिरत्नम पुन्हा उठले. बजेट बघून पुन्हा बसले. दरम्यान चेन्नईच्या मॅजिक लँटर्न या हौशी नाट्यसंस्थेने १९९९ मध्ये नंदनमच्या वायएमसीए मैदानावर पाचही खंडांचं नाटक करून दाखवलं! बड्या बड्या निर्मात्यांना जे झेपेना ते नाटकवाल्यांनी केलं. आपल्याकडे काय वेगळं असतं? त्या नाटकाचं लेखन केलेले इळंगो कुमरवेल पुढे सिनेमाच्या पटकथेतही होते.

आणि अखेर ३० सप्टेंबर २०२२ ला भाग एक, २८ एप्रिल २०२३ ला भाग दोन. एमजीआर यांच्या दहा हजारांपासून चौसष्ट वर्षं! कमल हासन यांनाही अखेर सिनेमात जागा मिळाली, निवेदकाच्या आवाजापुरती.

हक्कांचं काय झालं म्हणाल, तर कल्कींच्या जन्मशताब्दीच्या वेळी, १९९९ मध्ये, तमिळनाडू सरकारने त्यांचं साहित्य राष्ट्रीय संपत्ती करून टाकलं. आता ते कुणीही छापावं. एमजीआर थांबले असते तर दहा हजार वाचले असते!

अडीच हजार पानांच्या आसपासची कथा साडेपाच तासांत बसवायची म्हणजे कात्री आलीच. तळ्याकाठचे डबे गेले, बडबड गेली, गुप्त भुयारं कमी झाली. कादंबरीचे भक्त चिडले. माझं मत विचाराल तर कात्री योग्य ठिकाणी लागली. फक्त एका गोष्टीची चुटपुट राहते. कादंबरीतले 'व्हिलन' कोण? पांड्य राजाचं मुंडकं चोळांनी उडवलं, त्याचा सूड घ्यायला अंधारात शपथा घेणारे त्याचे निष्ठावंत. आपला राजा मारला, देश बळकावला, म्हणून परक्या राजपुत्राचा खून करणारे. बाजू बदलून बघा, हाच तर रेझिस्टन्स! तुरुंग भोगलेल्या कल्कींना हे दिसत होतं, म्हणूनच त्यांनी तो चोळ राजपुत्र, आदित्य करिकालन, नक्की कुणी मारला हे शेवटपर्यंत सांगितलं नाही. दगड मात्र इतका मुत्सद्दी नव्हता. उडैयारगुडीच्या शिलालेखात आरोपींची नावं कोरलेली आहेत.

पुढचा नगही दांडगा. जगात असा एकच सिनेमा असेल, जो ब्रिटिशांविरुद्धच्या बंडावर होता आणि ज्याच्या मुहूर्ताला खुद्द ब्रिटनची राणी आली होती! १६ ऑक्टोबर १९९७, चेन्नईची फिल्म सिटी, कमल हासन यांचा 'मरुदनायगम'. नायक यूसुफ खान, ज्याला १७६४ मध्ये फासावर चढवलं गेलं. दुसऱ्या एलिझाबेथबाईंनी त्याच बंडाचा सीन बसून पाहिला, स्मितहास्य केलं आणि गेल्या. सिनेमा पुढे पैशांअभावी अडकला तो आजतागायत. राणीची नजर लागली म्हणावं का?

हल्लीची मंडळीही गप्प नाहीत. सु. वेंकटेशन यांची मदुरैच्या इतिहासावरची 'कावल कोट्टम' हजारावर पानांची. तिला साहित्य अकादमी मिळाला, तर दिग्दर्शक वसंतबालन यांनी तिचा छोटासा तुकडा उचलून 'अरवान' (२०१२) केला. ठोकळा पूर्ण गिळायचा नाही, घास घ्यायचा, हे शहाणपण! याच वेंकटेशन यांची 'वेळपारी', चेर-चोळ-पांड्य या तिघांनाही पुरून उरलेल्या एका डोंगरी राजाची गोष्ट, दिग्दर्शक शंकर यांनी हक्क घेऊन ठेवली आहे. लेखक स्वतः मदुरैचे खासदार आहेत. तमिळनाडूत लेखणी आणि निवडणूक यांचं काहीतरी आहे खरं.

आणि या सगळ्यात ज्या कादंबरीचा सिनेमा सगळ्यात आधी व्हायला हवा होता, तिच्याकडे कुणी वळतच नाही. प. सिंगारम यांची 'पुयलिले ओरु तोणी', म्हणजे वादळातली होडी. लेखक ऐन तारुण्यात पोटासाठी सुमात्राच्या मेदान शहरात गेलेला, दुसरं महायुद्ध तिथे डोळ्यांनी पाहिलेला. परत येऊन मदुरैत 'दिनतंती' दैनिकात नोकरी केली आणि वायएमसीएच्या खोलीत एकट्याने आयुष्य काढलं. लिहिल्या कादंबऱ्या दोनच. ही तर बरीच वर्षं प्रकाशकावाचून पडून राहिली, १९७२ मध्ये आली. हिच्यात मेदानचे बाजार आहेत, पेनांगची बंदरं, जपानी तळ, आझाद हिंद सेना, विनोद, दारू आणि देशाबाहेर राहिलेल्या माणसाचं तुटलेपण आहे. चेन्नईच्या कोणत्याही दिग्दर्शकाला सेट, समुद्र आणि थरार आयता मिळेल.

आपल्याकडेही याच युद्धावरची एक दणकट कादंबरी वाट बघत बसली आहे, विश्वास पाटील यांची 'महानायक'. नेताजींचं सगळं आयुष्य, इंफाळपर्यंतची धाव, सगळं तयार. दोन भाषांतल्या दोन कादंबऱ्या, एकच लढाई. निर्मातेहो, पन्हाळा-सिंहगडाचे सेट जरा बाजूला ठेवा आणि एकदा बर्माचं जंगल उभं करा. बजेटचं रडगाणं नको, एमजीआर यांच्याकडे दहा हजारच होते! आणि वाचकहो, ते कधी करतील याचा नेम नाही. तुम्ही मात्र 'महानायक' या आठवड्यातच उघडा.